आशा आणि उमेद : प्रतिकूल परिस्थितीच्या काही मराठी ग्रंथांचा विचार

मराठी कादंबरीविषयी लिहिताना 'आशावादी' आणि 'निराशावादी' ही दोन विशेषणे समीक्षक अगदी सहज वापरतात; परंतु ती इतक्या सहजतेने वापरण्याजोगी आहेत काय, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. सामान्यतः निर्णय कथेच्या शेवटावरून दिला जातो. शेवटी दुष्काळ संपला, मूल शिकून मोठे झाले, विखुरलेले कुटुंब एकत्र आले, म्हणजे ग्रंथ आशावादी. गाव ओस पडले, संसार मोडला, नायक मारला गेला, म्हणजे ग्रंथ निराशावादी. वर्गात शिकविताना आणि परीक्षेसाठी प्रश्न काढताना ही विभागणी सोयीची पडते, यात शंका नाही. परंतु या सोयीची किंमत मोठी आहे. या मापाने मराठीतील हालअपेष्टांचे चित्रण करणारे जवळजवळ सर्व उत्तम ग्रंथ निराशेच्या खाती जमा होतात. त्या ग्रंथांतील माणसे शेवटच्या पानापर्यंत जे करीत असतात, त्याची मग कोठेच नोंद होत नाही. ज्या वाचकाच्या घरी तीच परिस्थिती आहे, त्याला अशा समीक्षेतून एवढेच कळते की त्याच्यासारख्यांची गोष्ट दुःखद असते.

हा दोष समीक्षकांच्या सहृदयतेच्या अभावातून आलेला नाही. तो संज्ञेच्या निवडीतून आलेला आहे. 'आशा' या एकाच शब्दात, मराठी भाषेने स्वतः वेगळ्या ठेवलेल्या किमान दोन गोष्टी कोंबल्या गेल्या आहेत. म्हणून ग्रंथांकडे वळण्यापूर्वी या शब्दांकडे थोडे पाहणे इष्ट होईल.

'आशा' हा शब्द मराठीत संस्कृतातून जसाच्या तसा आला. संस्कृतात या रूपाचे दोन अर्थ आढळतात : एक इच्छा किंवा अपेक्षा आणि दुसरा दिशा. व्युत्पत्तीच्या दृष्टीने हे दोन भिन्न शब्द मानले जातात व त्यांचे रूपसाम्य योगायोगाचे ठरते. दिशा हा अर्थ मराठीने उचलला नाही. तरीही मराठीतील 'आशे'चा व्यवहार पाहिला तर ती सदैव दूर कोठेतरी, क्षितिजाच्या बाजूला वावरत असल्याचे दिसते. आशा 'मावळते', आशेचा 'किरण' दिसतो, आशेकडे 'डोळे लावून' बसावे लागते, आशा 'दाखविली' जाते. या प्रयोगांत आशा हा प्रकाशाचा आणि दृष्टीचा विषय आहे. माणूस एका जागी असतो आणि आशा दुसऱ्या जागी. म्हणूनच ती खोटी असू शकते, वेडी असू शकते, भाबडी असू शकते. 'आशेवर ठेवणे' म्हणजे मराठीत जवळजवळ फसविणेच होय. आणि 'आशाळभूत' हा शब्द तर उघड उघड हीनतादर्शक आहे.

'उमेद' हा शब्द फार्सीतून आला. मूळ फार्सीत त्याचा अर्थ आशा असाच आहे. परंतु मराठीत आल्यावर त्याने आपले स्थान बदलले. 'उमेदीची वर्षे' म्हणजे ज्या वर्षांत अंगात काम करण्याची शक्ती असते ती वर्षे. ती आशेची वर्षे नव्हेत. 'उमेद आहे' म्हणजे काहीतरी मिळणार आहे असे नव्हे, तर करण्याची तयारी आहे. 'खोटी आशा' असे सर्रास म्हटले जाते. 'खोटी उमेद' असे कोणी म्हणत नाही, कारण जी गोष्ट स्वतःच्या अंगात आहे ती खोटी कशी असणार? उमेद मावळण्यापेक्षा 'खचते', जशी भिंत खचते किंवा दरड खचते. येथे रूपक आकाशाचे नाही; पायाखालच्या जमिनीचे आहे. याच शब्दापासून झालेला 'उमेदवार' निवडणुकीमुळे सर्वपरिचित आहे. परंतु 'उमेदवारी करणे' या प्रयोगाचा जुना अर्थ अधिक बोधप्रद आहे. एखाद्या कारागिराकडे किंवा कचेरीत नाममात्र वेतनावर, किंवा वेतनाशिवायही, काम शिकत राहणे म्हणजे उमेदवारी. फळाची खात्री नसताना काम करीत राहण्याला भाषेने उमेदीचे नाव द्यावे, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे.

या दोहोंच्या जोडीला तिसरा शब्द येतो तो 'धीर'. संस्कृतात हे प्रामुख्याने विशेषण होते. मराठीत ते नाम झाले. धीर 'धरला' जातो, 'सुटतो', आणि मुख्य म्हणजे तो 'दिला' जातो. आशा दुरून दाखवायची, धीर जवळ बसून द्यायचा, असा भेद मराठीने केला आहे. अर्थात हे भेद काटेकोर नाहीत. 'आशा धरणे' असेही म्हणतात आणि बोलण्याच्या ओघात हे शब्द एकमेकांची जागा घेतात. तथापि भाषेचा एकंदर कल स्पष्ट आहे. आशा परिणामाविषयी बोलते, उमेद कृतीविषयी आणि धीर माणसामाणसांतील संबंधाविषयी.

हा भेद हाती धरून काही ग्रंथ पुन्हा वाचले असता काय दिसते?

व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' ही कादंबरी १९५५ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. औंध संस्थानातील धनगरांच्या एका लहानशा वाडीवर राजाराम विठ्ठल सौंदणीकर हा कोवळ्या वयाचा मास्तर शाळा चालविण्यासाठी पायी चालत जातो, येथून कथेला प्रारंभ होतो. शाळेला मुले नाहीत, कारण मुले मेंढरांमागे आहेत. वाडीचा म्हातारा कारभारी हळूहळू मास्तराला आधार देतो. मुले येऊ लागतात. मास्तर वाडीचाच होऊन जातो. लोक श्रमाने तालीम बांधतात, तिच्यासाठी खुद्द राजेसाहेब वाडीवर येतात. यानंतर कारभारी मरतो, दुष्काळ पडतो, मेंढरे घेऊन लोक जगायला बाहेर पडतात आणि वाडी रिकामी होते. शाळा उरते, पण शिकणारे उरत नाहीत. मास्तरालाही निघावे लागते.

शेवटाचे माप लावले तर याहून निराशाजनक कथा कोणती? जे जे उभे राहिले ते ते निरर्थक ठरले, असा निष्कर्ष काढणे सोपे आहे. परंतु कादंबरीची रचना या निष्कर्षाला साथ देत नाही. माडगूळकरांनी कोठेही वाडीच्या भविष्याचे चित्र रंगविलेले नाही. शिक्षणाने वाडीचा उद्धार होईल असे आश्वासन निवेदक वाचकाला देत नाही. त्यामुळे दुष्काळ येतो तेव्हा कोणतेही आश्वासन मोडत नाही. कादंबरीत जे भरलेले आहे ते काम आहे : मुले गोळा करणे, वाडीकरांची बाहेरगावची बारीकसारीक कामे करून देणे, भांडणे मिटविणे, भिंती उभ्या करणे. शेकूच्या बैलजोडीतील एक बैल नाहीसा होतो तेव्हा त्याची बायको स्वतः जूखाली खांदा देते, हा प्रसंग कोणताही वाचक विसरत नाही. हा प्रसंग करुण आहेच. पण माडगूळकर त्याची करुणा वाढविण्याचा प्रयत्न करीत नाहीत. पेरणीची वेळ निघून चालली आहे, एक बैल कमी आहे, म्हणून तिने जू घेतले. तेथे आशेचा शब्द घातला असता तर प्रसंग भाबडा झाला असता, आणि निराशेचा घातला असता तर खोटा. तिला पीक येईल की नाही हे ठाऊक नाही. ठाऊक आहे ते एवढेच, की आज नांगर चालला पाहिजे.

या निवेदनाची भाषाही याच वृत्तीची आहे. वाक्ये आखूड आहेत, क्रियापदे साधी आहेत, विशेषणे थोडी आहेत. माणसाच्या मनात काय चालले आहे ते सांगण्यापेक्षा त्याच्या हातांनी काय केले ते सांगण्याकडे लेखकाचा ओढा आहे. अशा शैलीत आशावाद मांडता येत नाही, कारण आशावादाला भविष्यकाळाची आणि विशेषणांची गरज असते. मात्र उमेद मांडता येते. तिला क्रियापद पुरते. वाडी ओस पडली म्हणून वाडीने तालीम बांधली होती ही घटना खोटी ठरत नाही. दुष्काळाने उद्याचे सगळे नेले. काल जे एकत्र मिळून केले गेले ते त्याला नेता आले नाही, आणि कादंबरी ही त्याचीच नोंद आहे.

उद्धव शेळके यांची 'धग' १९६० साली आली. वऱ्हाडातील एका शिंपी कुटुंबाची ही कथा आहे, आणि तिच्या केंद्रस्थानी कौतिक ही स्त्री आहे. नवरा महादेव कर्तृत्वाने उणा. पुढे त्याला महारोग जडतो. मुलांचे पोट, त्यांचे पुढचे दिवस, घरातील तंटे, गाव बदलणे, या सर्वांचा भार कौतिकच्या अंगावर पडतो. तिची धडपड शेवटपर्यंत थांबत नाही, आणि तिचा संसार सावरतही नाही.

या कादंबरीची शीर्षकापासूनच दखल घ्यावयास हवी. धग म्हणजे ज्योत नव्हे आणि राखही नव्हे. ज्योत डोळ्यांना दिसते, राख हाताला लागते. धग मात्र अंगाला जाणवते, आणि तीही जवळ असणाऱ्यालाच. हा शब्द द्व्यर्थी आहे. परिस्थितीची धग कौतिकला होरपळते, आणि तिच्या अंगातली धग घराला ऊब देते. शेळक्यांनी या दोन अर्थांची फारकत होऊ दिलेली नाही. ज्या विस्तवावर भाकरी भाजली जाते तोच हात भाजतो.

कौतिक ही मराठी कादंबरीतील रूढ सोशिक माता नाही. ती बोलते, भांडते, हिशेब करते. तिचे बोलणे वऱ्हाडी बोलीत आहे, आणि ही गोष्ट केवळ प्रादेशिक रंग भरण्यापुरती नाही. प्रमाण भाषेत 'भवितव्य', 'उज्ज्वल', 'आकांक्षा' असे शब्द हाताशी असतात. त्यांच्या आधारे दुःखावर बोलता बोलताच पांघरूण घालता येते. बोलीतील घरगुती संवादाला ही सोय नसते. तेथे प्रश्न येतो तो उद्याचा : उद्याचे पीठ, उद्याची मजुरी, उद्याचा भाडेखर्च. दूरच्या काळाविषयी आशा आणि उद्याच्या दिवसाविषयी काळजी या दोन निरनिराळ्या अवस्था आहेत, आणि कौतिकचा सारा जीव दुसरीत आहे. ज्याला उद्याची काळजी वाटते त्याने उद्या सोडून दिलेला नसतो. खरी निराशा काळजीतून ओळखता येत नाही. काळजी संपण्यातून ओळखता येते. या दृष्टीने पाहता 'धग'ची शोकात्मता अधिक तीव्र होते, कमी होत नाही. कौतिकमध्ये काही नव्हते म्हणून ती हरली असे कादंबरी म्हणत नाही. तिच्यात सर्व काही होते आणि तरी ते पुरले नाही, असे ती म्हणते. पहिल्या वाचनात दोष नशिबाचा वाटतो. दुसऱ्या वाचनात ज्या व्यवस्थेत इतकी उमेद पुरत नाही त्या व्यवस्थेकडे बोट जाते.

कादंबरीबाहेरचे एक उदाहरण येथे घेणे अगत्याचे आहे. लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' १९३४ ते १९३६ या काळात प्रसिद्ध झाली. १९३६ सालीच लक्ष्मीबाईंचे निधन झाले. बाहेरची प्रत्येक वस्तू धुतल्याखेरीज घरात न घेणाऱ्या सोवळ्या वडिलांच्या घरी बालपण. अकराव्या वर्षाच्या सुमारास विवाह. रेव्हरंड नारायण वामन टिळकांसारखा तेजस्वी परंतु संसाराच्या दृष्टीने अत्यंत बेभरवशाचा पती. १८९५ साली टिळकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारल्यावर वाट्याला आलेला काही वर्षांचा वियोग. पुढे १९०० साली स्वतःचे धर्मांतर. घरात सांभाळलेली निराधार मुले. १९१९ साली टिळकांचा मृत्यू. दुःखाची ही यादी कोणत्याही कादंबरीला पुरून उरेल अशी आहे. असे असूनही या ग्रंथाच्या वाचकाच्या स्मरणात प्रथम येते ते हसू.

या विनोदाचे कार्य काय? संकटाचे गांभीर्य कमी करणे हे नव्हे. लक्ष्मीबाई वियोगाच्या दिवसांतील वेदना लपवीत नाहीत. परंतु ज्या प्रसंगी त्या स्वतः हतबल होत्या, त्याच प्रसंगाकडे पाहणारी एक चौकस, मिस्कील बाई त्या निवेदनात उभी करतात. सोसणारी आणि सांगणारी या एकच असूनही दोन आहेत. सोसणारीच्या हाती त्या वेळी काही नव्हते. सांगणारीच्या हाती वाक्य आहे. हे वाक्यही घरगुती बोलण्यातले आहे. औपचारिक शिक्षण फारसे न झालेल्या या लेखिकेने पुस्तकी मराठीकडे उसनवारी केली नाही. आपल्यावर जे ओढवले ते आपल्याच शब्दांत सांगता येणे, ही उमेदीची एक अतिशय मूलभूत पायरी आहे. ज्याच्या दुःखाचे वर्णन नेहमी दुसऱ्याच्या भाषेत होते, त्याचे दुःख अर्धेच त्याचे असते.

आतापर्यंतच्या विवेचनावर एक गंभीर आक्षेप येऊ शकतो, आणि तो टाळून पुढे जाणे योग्य होणार नाही. परिणामाकडे न पाहता कृतीचे कौतुक करणे म्हणजे गरिबांनी निमूटपणे राबत राहावे याचेच तत्त्वज्ञान नव्हे काय? जूखाली खांदा देणाऱ्या बाईची उमेद वाखाणणाऱ्याने, तिच्यावर ती वेळ कोणी आणली हा प्रश्न सोयीस्करपणे बाजूला ठेवलेला असतो. शिवाय 'बनगरवाडी'चा निवेदक पगारदार आहे आणि बाहेरचा आहे. त्याला वाडी सोडून जाता येते. इतरांच्या धीराचे वर्णन करणे ज्याला परवडते, त्याच्या वर्णनावर कितपत विसंबावे?

हा आक्षेप खोटा नाही. त्याचे उत्तर सिद्धांतातून देण्यापेक्षा ग्रंथांतून दिलेले बरे. अण्णा भाऊ साठे यांची 'फकिरा' ही कादंबरी १९५९ साली प्रसिद्ध झाली. लेखकाने ती डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना अर्पण केली आहे, आणि १९६१ साली तिला राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला. वारणेच्या खोऱ्यातील मांग समाजाची, उपासमारीची, इंग्रजी सत्तेने लादलेल्या हजेरीच्या जाचाची ही कथा आहे. फकिरा धान्य लुटतो ते भुकेल्यांत वाटण्यासाठी. तो खजिना लुटतो. आणि आपल्या माणसांना सरकारने अडकवून धरले तेव्हा त्यांच्या सुटकेसाठी स्वतःला शत्रूच्या हवाली करतो. येथेही शेवट विजयाचा नाही. परंतु 'सोसणे' या क्रियापदाला या कादंबरीत मानाचे स्थान नाही. उमेद येथे राबण्याच्या रूपाने दिसत नाही. ती नाकारण्याच्या रूपाने दिसते. उपाशी मरणे हे नशीब नसून कोणीतरी केलेली व्यवस्था आहे, हे एकदा कळले की धान्याच्या कोठाराचे कुलूप ही निसर्गाची गोष्ट राहत नाही.

म्हणजे उमेद आणि सोशिकपणा यांत रेषा ओढता येते. सोसणाऱ्याच्या कृतीने परिस्थिती जशीच्या तशी चालू राहते. उमेदीच्या कृतीने, ती कितीही लहान असो, परिस्थितीचा दावा अपुरा ठरतो. वाडीला शाळा कशाला, हा परिस्थितीचा दावा. तालीम बांधून वाडी त्याला उत्तर देते. बाईने काय करावे, हा दावा. कौतिक त्याला जुमानत नाही. फकिराचे उत्तर अधिक मोठ्या आवाजातले आहे, परंतु ते त्याच भाषेतले आहे.

दया पवार यांच्या 'बलुतं' (१९७८) या आत्मकथनाने हा प्रश्न आणखी पुढे नेला. बलुते म्हणजे गावगाड्यातील कामाबद्दल मिळणारा परंपरागत वाटा. आणि महाराच्या वाट्याला जन्मानेच आलेले दुःख हेही एक बलुतेच, असा अर्थ शीर्षकातून उमटतो. या ग्रंथाची रचना भाषाशास्त्राच्या दृष्टीने लक्षणीय आहे. शिकलासवरलेला दया पवार ऐकतो आणि दगडू मारुती पवार त्याला आपली कहाणी सांगतो. दोघे एकच आहेत. लक्ष्मीबाईंच्या निवेदनात जे द्वित्व अप्रकट होते, ते येथे उघड केले गेले आहे. मात्र दोन ग्रंथांत फरक आहे. लक्ष्मीबाईंची सांगणारी सोसणारीकडे हसून पाहू शकते; दगडू आणि दया यांच्यामध्ये लाजेचे अंतर आहे. शिक्षणाने, नोकरीने, प्रतिष्ठेने ते मिटत नाही. 'शिकला म्हणजे सुटला' ही आशा या ग्रंथात टिकत नाही, आणि ग्रंथकार ती टिकविण्याचे ढोंगही करीत नाही. परंतु लाजेमुळे जे झाकून ठेवले जाते ते नावागावासह सांगणे, हे काम या ग्रंथाने केले. त्यानंतरच्या दलित आत्मकथनांना त्याने वाट करून दिली. ज्या ग्रंथात आशा नाही त्याने इतरांना बोलण्याची उमेद द्यावी, यात विसंगती नाही. वर केलेला भेद मान्य केला म्हणजे ती स्वाभाविकच गोष्ट ठरते.

शेवटी एका अनुवादाकडे पाहणे उपयुक्त ठरेल, कारण अनुवादकाला शब्दांतील भेद अधिक काटेकोरपणे पारखून घ्यावे लागतात. हेमिंग्वे यांच्या १९५२ सालच्या 'दि ओल्ड मॅन अँड द सी' या लघुकादंबरीचा पु. ल. देशपांडे यांनी केलेला अनुवाद 'एका कोळियाने' या नावाने १९६५ साली प्रसिद्ध झाला. चौऱ्याऐंशी दिवस एकही मासा न मिळालेला म्हातारा, पंच्याऐंशीव्या दिवशी खोल समुद्रात गेलेला, प्रचंड मासा गळाला लागतो, आणि परतताना शार्क त्याचे मांस खाऊन टाकतात. किनाऱ्यावर येतो तो सांगाडा. मूळ शीर्षकात म्हातारा आहे आणि समुद्र आहे. अनुवादकाने दोन्ही सोडले, आणि 'कोळी' हा शब्द घेतला. मराठीत कोळी म्हणजे मासेमारही आणि जाळे विणणारा किडाही. शिवाय हे शीर्षक वाचताच, पुन्हा पुन्हा पडून पुन्हा चढणाऱ्या कोळ्याची जुनी शालेय कविता मराठी वाचकाला आठवते. एका शब्दाच्या दोन अर्थांवर अनुवादकाने संपूर्ण ग्रंथाचा अन्वयार्थ तोलून धरला आहे. मात्र यात एक सूक्ष्म फरक राहतो. शाळेतल्या कवितेतील कोळ्याला अखेर यश मिळते, आणि त्या यशावरच तिचा उपदेश उभा असतो. कादंबरीतील कोळ्याला असे यश मिळत नाही. शीर्षक वाचकाला बालपणीच्या आशेची आठवण करून देते, आणि ग्रंथ त्याला प्रौढ वयाच्या उमेदीपाशी आणून सोडतो.

या सर्व उदाहरणांवरून समीक्षेच्या व्यवहारासाठी काय निष्पन्न होते? प्रथम, शेवट हा ग्रंथाच्या जीवनदृष्टीचा एकमेव, किंबहुना प्रमुखही, पुरावा मानता येत नाही. शेवट पुष्कळदा परिस्थितीचा असतो; ग्रंथ माणसांचा असतो. दुसरे असे की, पात्राला आशा वाटते की नाही यापेक्षा, दुसऱ्या दिवशी सकाळी उठून ते काय करते, आणि ते करण्याची किंमत कोण देते, हे विचारणे अधिक फलदायी आहे. या प्रश्नाचा दुसरा भाग गाळला तर पहिला केवळ उपदेश होतो. तिसरी गोष्ट भाषेची. ज्या ग्रंथात माणसांच्या कष्टांवर लेखकाची विशेषणे चढलेली असतात, तेथे उमेद लेखकाची असते, पात्रांची नसते. आणि उसनी उमेद वाचकाला फार दिवस पुरत नाही.

आशा वाईट आहे असा या विवेचनाचा अर्थ नाही. दुष्काळात आभाळाकडे पाहणाऱ्याला पाहू नको असे कोणी सांगू नये. परंतु आभाळाकडे पाहणारा माणूस उभा कशावर आहे, हेही पाहिले पाहिजे. मराठी भाषेने त्यासाठी वेगळा शब्द ठेवला आहे. मराठी ग्रंथकारांनी तो आचरणात आणून दाखविला आहे. कौतिकची कथा शिकविताना 'ही कादंबरी निराशावादी आहे काय?' या प्रश्नाऐवजी 'कौतिकची उमेद कोठे दिसते आणि ती का पुरली नाही?' असा प्रश्न घातला गेला, तर उत्तरपत्रिका कदाचित तितक्या ठरावीक साच्याच्या राहणार नाहीत. आणि बाकावर बसलेल्या एखाद्या विद्यार्थ्याला, ज्याची आई या क्षणी कोणाच्या तरी शेतावर निंदणीला गेलेली असेल, आपल्या घराची गोष्ट केवळ दुःखाची नाही, एवढे तरी अभ्यासक्रमातून कळेल.